लिंडहोफरचं प्यादं

दादा,

तुझ्या शोकसभेत मी रडले नाही, यावर बरीच चर्चा झाल्याचं कानावर आलं. मला पहिल्या रांगेत, तुझ्या हार घातलेल्या फोटोच्या बरोबर समोर बसवलं होतं. मागून कुणी बाई म्हणालीसुद्धा, "बहन को सदमा लगा है, देखो कैसी पत्थर-सी बैठी है." बाईचं बरोबर होतं. सदमा बसला होता, फक्त तो तू गेल्याचा नव्हता. तू गेल्याचं रडणं मी त्याआधी घरी, दार लावून, उरकलं होतं. सभेत मला जे लागलं ते तू जिवंतपणी करून ठेवलेलं होतं. जाब विचारावा तर तू समोर होतास तो असा, झेंडूच्या हारात, हसरा.

तर जाब इथे विचारते, लेखी. चौतीस वर्षं मुलींना इंग्रजी शिकवलं. तोंडी परीक्षेपेक्षा लेखीवर माझा विश्वास जास्त आहे.

हे इरा आणि नीलही वाचणार आहेत. माझी नातवंडं तिकडे कॅलगरीला मराठी वाचतात ती जरा अडखळत, म्हणून सोपं लिहिते आणि क्रम सोडत नाही. तुझ्याबद्दल वर्तमानपत्रात आलं ते पुन्हा लिहीत नाही. तीनदा राज्याचा विजेता, एका परदेशी ग्रँडमास्टरशी बरोबरी, बँकेतून घरी आल्यावर रोज संध्याकाळी फ्रीगंजात पोरांना फुकट शिकवणं, हे सगळं खरं आहे. जे खरं नव्हतं ते कुणी छापलं नाही. ते लिहायला मीच उरले आहे.

दहाव्याला नदीकाठी सिद्धवटावर कावळा लगेच शिवला. गुरुजी म्हणाले, "काही इच्छा उरली नव्हती हो त्यांची." त्यांची नसेल.

मुलांना आधी आपल्या घरची रीत सांगायला हवी. तुला ती पाठ होती, हे मी विसरणार नाही.

आपले पूर्वज इथे, या हिंदी मुलखात, दरबारात कारकून म्हणून आले. काम कमी असलं की सरदार बुद्धिबळाचा पट मांडत आणि समोर बसायला कारकुनाला बोलावत, कारण कारकुनाला नाही म्हणता येत नसे. तो चांगला खेळणारा असला तर पंचाईत. मुद्दाम हरावं तर सरदाराला कळे आणि राग येई. जिंकावं तर मालकाच्या तोंडावर 'मात' म्हणायचं कसं? त्यातून रीत निघाली. मात करणाऱ्या मोहऱ्यावर बोट ठेवायचं, पण ते हलवायचं नाही. हात मागे घेऊन मांडीवर ठेवायचा आणि म्हणायचं, "आता मर्जी आपली." ही अर्धी रीत कारकुनाची. उरलेली अर्धी सरदाराची. त्याने पट बघायचा, समजून घ्यायचं आणि आपला राजा आपल्या हाताने आडवा ठेवायचा.

दरबार गेला, सरदार गेले, रीत आपल्या घरात राहिली. धाकट्याने थोरल्याला 'मात' म्हणायची नाही, बोट ठेवून हात मागे घ्यायचा. राजा थोरला ठेवणार. नानांनी माझ्यासमोर दोनदा राजा आडवा ठेवला होता. आपले वडील, सबंध कचेरी ज्यांना टरकायची ते, दोन्ही वेळा राजा ठेवून उठले आणि माझ्यासाठी माठातलं पाणी स्वतः घेऊन आले. तू तिथेच बसला होतास.

मग तो दिवस. मी एकोणीस वर्षांची, तू चोवीसचा. भोपाळला राज्याची स्पर्धा होती. नाना म्हणाले, "मला रजा एकदाच मिळेल आणि एकालाच नेता येईल. तुम्ही दोघं एक डाव खेळा. जिंकेल तो माझ्याबरोबर." मुलगी म्हणून त्यांनी मला वगळलं नाही. तुला ते खटकलं होतं. तू बोलला नाहीस, पण त्या दिवशी जेवताना मीठ मागितलंस ते माझ्याकडे न बघता.

खरं तर तोपर्यंत आपण दोघं एकच पुस्तक वाचून वाढलो होतो. तुझं इंग्रजी कच्चं. लायब्ररीतून बुद्धिबळाची पुस्तकं तू आणायचास, मोठ्याने वाचायचे मी, आणि तू मोहरी हलवायचास. डावांआधी त्या थोर खेळाडूंची चरित्रं असत. कुणी डोळ्यांवर पट्टी बांधून दहा जणांशी खेळला, कुणी आयुष्यभर कॉफीच्या दुकानात बसून राहिला, कुणी शेवटी वेड्यांच्या इस्पितळात गेला. मला ती पानं गाळून डाव वाचायचे असत. तू म्हणायचास, "थांब गं कुमे, आधी माणूस वाच." ती चरित्रं तुझ्या कानांवर घातली ती मी, हे इथे नोंदवते, कारण पुढे त्याचं काय झालं ते सांगायचं आहे.

भेरूगढच्या छिप्याने छापलेला कापडी पट अंथरला होता. लाल-काळी घरं, कडेला वेलबुट्टी. तू जोरात खेळत होतास. मग मी वजीर दिला.

"कुमे, चुकलीस. वजीर गेला तुझा."

"घे ना मग."

"परत घे हवं तर. रडशील नंतर."

"घे म्हणते ना."

तू घेतलास. मी घोड्याने शह दिला. राजाला जायला एकच घर होतं, बाहेर, उघड्यावर. तू तिथे गेलास. आता माझं एक प्यादं एक घर पुढे सरकलं की संपलं. प्यादेमात. आपल्या घरात तिच्यासारखा मान कशालाच नव्हता. नानांनीही आयुष्यात मोजून तीन-चारदा केली असेल. मी त्या प्याद्यावर बोट ठेवलं, हात मागे घेतला आणि म्हणाले, "आता मर्जी आपली."

तुझे कान लाल झाले. तू पटाकडे बघत राहिलास. तुला दिसलं, दादा. दिसलं नसतं तर तू काहीतरी बोलला असतास. तू गप्प बसतोस तो दिसल्यावरच.

तेवढ्यात नाना हात पुसत बाहेर आले. "झालं का रे?"

"नाही नाना. चालू आहे."

नानांनी माझ्याकडे पाहिलं. "काय गं कुमे?"

माझ्या तोंडात एकच शब्द होता, आणि तो थोरल्यासमोर म्हणायचा नव्हता. मी तुझ्याकडे पाहिलं. मला खात्री होती की तू आता राजा ठेवशील. उशीर केलास एवढंच, ठेवशील. सरदारालाही वेळ लागत असेल. तू पटाची चार टोकं धरून वर उचललीस. सगळी मोहरी मधे गोळा झाली, गाठोड्यासारखी. तू म्हणालास, "भूक लागली. पोहे खाऊन नव्याने मांडू."

"आता नव्याने कधी?" नाना म्हणाले. "सकाळी सहाची गाडी आहे. डाव अपुरा राहिला, तर मग थोरला येईल."

मी काही बोलले नाही. रीत होती. दुसऱ्या कुठल्याही घरातली मुलगी ओरडून म्हणाली असती, मी जिंकले होते. आपल्याच घरात जिंकणाऱ्याला ते सांगता येत नव्हतं. हरणाऱ्याने सांगायचं होतं.

भोपाळला तू तिसरा आलास. तिथून पुढचं वर्तमानपत्रात आहे. मी असं म्हणत नाही की माझ्या जागी तू बसलास. मी गेले असते तर शेवटची आले असते, असंही असेल. पण दादा, मला भोपाळला शेवटचं यायचं होतं. ते येणं माझं होतं.

मी परत तुझ्याशी खेळले नाही. कुणाशीच नाही. बी. ए. झाले, एम. ए. झाले, शाळेत लागले, लग्न झालं. नाना गेले ते त्या डावाचं काही न कळताच गेले.

त्या डावाबद्दल मी तुला तीनदा विचारलं. पहिल्यांदा माझ्या लग्नाच्या आदल्या दिवशी. तू मांडवाला दोऱ्या बांधत होतास, म्हणालास, "कुठला डाव?" दुसऱ्यांदा तुझ्या साठीच्या सत्कारानंतर. त्या सत्कारात तू माईकवर म्हणाला होतास, "घरात मला कधी कुणी हरवू शकलं नाही, म्हणून बाहेर हरायची सवय लागायला वेळ लागला." लोक किती हसले. परतताना रिक्षात मी विचारलं, तर, "अगं साठ वर्षांच्या माणसाला कुठले डाव विचारतेस? काल काय जेवलो ते आठवत नाही." तिसऱ्यांदा गेल्या वर्षी, तू पहिल्यांदा हॉस्पिटलात होतास तेव्हा. मी मोसंबं सोलत होते. आता तरी, असं मनात होतं. तू माझा हात हातात घेतलास आणि मऊ आवाजात म्हणालास, "कुमे, असा काही डाव झालाच नव्हता. तू नानांबरोबरचा डाव आठवतेयस. वयाने होतं असं."

दादा, मी मानलं ते. त्यानंतर वर्षभर मी हाच विचार करत होते की आपण हे सगळं मनानेच रचलं की काय. पोळ्या लाटताना मी मोहरी मांडायचे, आणि शेवटच्या पाच चालींच्या मागे मला काही आठवायचं नाही. वाटायचं, म्हणजे खोटंच असणार. डॉक्टरांनाही विचारलं, स्मरणशक्तीची काही तपासणी असते का. त्यांनी शंभरातून सात-सात वजा करायला लावले. मी दोनापर्यंत न चुकता गेले. तरी घरी येऊन शंका तीच.

आता सभेचं.

टावर चौकाजवळचा तो हॉल, तुला माहीत असलेला, पंखे आवाज करतात तो. तुझा जुना विद्यार्थी मनोज, जो आता स्वतः तुझ्याच बँकेत मॅनेजर आहे, त्याने भिंतीवर लटकवायचा मोठा पट आणला होता, चुंबकाच्या मोहऱ्यांचा. तुझ्या क्लासची वीसएक पोरं जमिनीवर बसली होती. मनोज म्हणाला, "सर हर साल नए बच्चों को पहला गेम यही दिखाते थे. लिंडहोफर का गेम. विएना का मास्टर था, उन्नीस साल की उम्र में टीबी से चला गया. सर कहते थे, मैंने ज़िंदगी में ऐसी समझ किसी और की नहीं देखी."

मला वाटलं, असेल कुणी. मीच कधी वाचून दाखवलं असेल.

तो मोहरी लावत गेला. जुन्या ग्रुप फोटोत आपण आपल्यालाच आधी ओळखत नाही आणि मग फ्रॉकवरून ओळखतो, तसं झालं. तो घोडा माझा होता. तो उघड्यावर यायला निघालेला राजा तुझा होता.

"बताओ बच्चो, लिंडहोफर ने क्या दिया?"

"वज़ीर," पोरं एका सुरात म्हणाली.

"फिर?"

"घोड़े से शह."

"फिर?"

सगळ्या पोरांनी हात मांडीवर ठेवले. मनोजने प्याद्यावर बोट ठेवलं आणि हात मागे घेतला. "लिंडहोफर इतना शरीफ था कि सामनेवाले को मात नहीं कहता था. बस उँगली रखता, हाथ खींच लेता, और कहता—"

आणि ती वीस पोरं म्हणाली, "अब मर्ज़ी आपकी."

मी पत्थर झाले ती तेव्हा.

सभा संपल्यावर सगळे चहा घेत होते. मी मनोजला बाजूला घेतलं. विचारलं, "ये लिंडहोफर ने हराया किसको था?"

"कोई बड़ा खिलाड़ी था, बुआजी. नाम सर ने कभी नहीं बताया. पूछो तो हँसते थे. कहते थे, हारनेवाले का नाम याद रखके क्या करोगे."

तेव्हा त्याला सांगता आलं असतं. फोटोसमोर उदबत्ती जळत होती, पोरं कचोऱ्या खात होती, आणि मी म्हणाले, "अच्छा." एकोणिसाव्या वर्षी गप्प बसले त्याचा दोष मी रीतीला देते. या वयात गप्प बसले त्याचा कुणाला देऊ? ज्याच्यासमोर रीत पाळायची तो थोरलाही आता उरला नव्हता.

कदाचित तिथेच राहिलं असतं सगळं. पण दुसऱ्या दिवशी रविवार होता, आणि रविवारी इराचा व्हिडिओ कॉल असतो.

अकरा वर्षांची आहे ती. दोन वर्षं दर शनिवारी तू तिला ऑनलाइन शिकवलंस, आणि तिला तू किती आवडायचास ते तुला माहीत होतं. डोळे सुजलेले होते. मला वाटलं, तुझ्यासाठी.

"आजी, मला तुझी हेल्प पाहिजे. आमच्या क्लासमध्ये प्रोजेक्ट आहे, फेमस लोकांवर. मी लिंडहोफरवर केला. मिस म्हणाल्या, असा कुणी प्लेअर नाहीच. कुठेच नाही. कुणीतरी मेड-अप केलंय."

मी मोबाईल जवळ घेतला.

"मी सांगितलं, माझे दादाआजोबा खोटं बोलत नाहीत. मग सगळे हसले. नील पण म्हणतो, त्यांनी बनवला असेल. मी त्याच्याशी बोलत नाहीये." मग नाक पुसून, "दादाआजोबांच्या कपाटात बुक असेल ना? तू शोधशील? मला पुढच्या सोमवारी दाखवायचंय, नाहीतर सगळ्यांसमोर सॉरी म्हणावं लागेल. तो रियल होता ना, आजी?"

बघ तू कुठे आणून ठेवलंस. खोटं तू बोललास, हसं तिचं झालं, आणि उत्तर मी द्यायचं, एका आठवड्यात. खरं सांगितलं तर तिच्यापुरता तू दुसऱ्यांदा जाणार. लपवलं तर मी तुझ्या बाजूने पट उचलणार, चार टोकं धरून.

"शोधते," मी म्हणाले.

वहिनी गेल्यापासून तुझ्या घराची दुसरी किल्ली माझ्याकडेच आहे. सोमवारी सकाळी गेले. कपाट उघडलं. तुझ्या वह्या ओळीने लावलेल्या होत्या. नीटनेटकेपणा आपल्या दोघांत सारखाच. 'जगातील थोर बुद्धिबळपटू', असं लेबल लावलेली खाकी कव्हरची वही सापडली. आत चरित्रं. मी वाचून दाखवलेली, एकेकाला अर्धं पान. जगज्जेत्यांनाही अर्धंच. आणि लिंडहोफरला अकरा पानं.

मी तिथेच तुझ्या खुर्चीत बसले, पर्समधलं लाल पेन काढलं आणि वाचायला लागले. सवय आहे.

गाव आधी बुडापेस्ट होतं, खोडून व्हिएन्ना केलंस. बाप आधी शिक्षक, मग घड्याळं दुरुस्त करणारा. आई लहानपणी गेलेली. ती खोडली नाहीस, आपली होती तशीच ठेवलीस. "विचार करताना अंगठा हनुवटीखाली दाबून धरी. डावखुरा. समोर मोठं माणूस असलं की नजर पटावरून वर उचलत नसे." हे वाचताना माझा डावा अंगठा हनुवटीखाली होता. तो मी काढला.

पुढे लिहिलं आहेस, "त्याला मोठ्या स्पर्धेला जाता आलं नाही, कारण आदल्याच दिवशी त्याची प्रकृती बिघडली." त्याखाली मी लाल रेघ मारली. माझी प्रकृती उत्तम होती. दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्हा दोघांचे दशम्यांचे डबे मी भरले होते.

आणि मग, "त्याच हिवाळ्यात तो वारला." एकोणीस वर्षांची असताना तू मला व्हिएन्नात क्षयाने मारलंस. जिवंत ठेवलं असतंस तर त्याला पुढे काहीतरी करावं लागलं असतं, मुलींना इंग्रजी शिकवावं लागलं असतं, आणि मग लोकांनी विचारलं असतं, असा खेळणारा माणूस खेळायचा थांबला का. मेलेल्याला कुणी विचारत नाही. हे चांगलं शोधलंस.

शेवटच्या पानावर पूर्ण डाव आहे. एकतीस चाली. मला फक्त शेवटच्या पाच आठवत होत्या. त्यासाठी मी डॉक्टरकडे गेले होते. तुझ्याकडे पहिल्या चालीपासून सगळा होता. म्हणजे त्या संध्याकाळी, पोहे खाऊन झाल्यावर, सकाळच्या गाडीची पिशवी भरायच्या आधी कधीतरी तू बसून तो लिहून काढलास. मला आजवर वाटत होतं, तू विसरलास. गेल्या वर्षी तर वाटलं, मीच चुकते. आणि गेल्या वर्षी, हॉस्पिटलातून घरी आल्याच्या पहिल्या शनिवारी, तू इराला हाच डाव शिकवलास. तिनेच मला तेव्हा सांगितलं होतं, दादाआजोबांनी आज एका मुलाचा सॅड गेम शिकवला.

तुला विसर पडला नव्हता. हे मी तुला माफ करणार नाही. विसरलेल्या माणसावर मी उगाच इतकी वर्षं रागावले, असं म्हणून मी जवळजवळ राग सोडत आले होते. तो परत आणून दिलास.

इरा-नीलना तुझी एकच बाजू दिसू नये म्हणून दोन गोष्टी लिहिते. त्यांचे आजोबा गेले तेव्हा महिनाभर तू रोज सकाळी नानाखेड्याला माझ्याकडे यायचास. येताना पोहे-जिलेबी, कागदात बांधलेली. गॅलरीत बसायचास आणि एक अक्षर बोलायचा नाहीस. त्या महिन्यात माझ्याशी न बोलणारा तू एकटाच होतास, आणि मला तेवढंच हवं होतं. दुसरी गोष्ट त्या वहीतली. अकराव्या पानावर, डावाच्या वर, तू लिहिलं आहेस, "तो गेला असता तर बाकीच्यांचं काय झालं असतं, कोण जाणे." बाकीच्यांचं, म्हणजे तुझं. हे तू वीस-वीस पोरांच्या किती तुकड्यांना ऐकवलंस. या गावातल्या किती मुलांनी माझा डाव पाठ केला, आवडीने, हात मांडीवर ठेवून. तुझ्याशिवाय तो डाव कुठेच उरला नसता, माझ्यातही नाही. त्याबद्दल आभार मानायचे तर मानते. पण ज्याला ही वाक्यं सांगायची त्याचं घर तुझ्या घरापासून पंधरा मिनिटांवर होतं, दादा. तू व्हिएन्नाला सांगत बसलास.

निबंधाखाली शेरा दिला: "भाषा चांगली. निरीक्षण उत्तम. सत्य नाही." दहापैकी चार.

पुढच्या रविवारी इराचा कॉल आला. पलीकडे नीलही येऊन उभा होता. समेट झाला नव्हता, पण उत्सुकता होती. मी सगळं सांगितलं. क्रमाने, जसं इथे लिहिलं तसं. दरबार, रीत, भोपाळ, पट उचललास तो. कुठेही मऊ केलं नाही.

इराने नीलकडे पाहिलं. मग म्हणाली, "म्हणजे दादाआजोबा खोटं बोलले."

"हो."

"माझ्याशी पण?"

"तुझ्याशी पण."

ती रडली. मी थांबवलं नाही. नील म्हणाला, "आजी, तू एवढी स्ट्रॉंग होतीस?" मी म्हणाले, "एका दुपारी होते."

"मग मी मिसला काय सांगू?" इराने विचारलं.

"सांग, लिंडहोफर नव्हता. पण डाव खरा आहे, आणि खेळणारी जिवंत आहे. अकरा पानांचे फोटो पाठवते, तो तुझा पुरावा. शंका असेल तर मिसना माझा नंबर दे. इंग्रजीत बोलेन म्हणावं. सकाळी आठ ते दहा मी फोन घेते."

तिला थोडं हसू आलं. मग ती पुढे वाकली. "म्हणजे आजी, तू त्यांना हरवलंस?"

"अजून नाही," मी म्हणाले. "एक चाल बाकी आहे."

तुझ्या कपाटात वह्यांच्या खाली तो पटही होता. भेरूगढचा. घड्या पडलेल्या जागी विरलेला, पण लाल रंग अजून धरून आहे. तू तोही ठेवला होतास. मी तो माझ्या बैठकीत, तुझ्या फोटोसमोरच्या चौरंगावर अंथरला होता आणि वहीतून बघून मोहरी मांडून ठेवली होती. मोबाईल स्टीलच्या डब्याला टेकवून असा ठेवला की दोघांना पट दिसावा. मग मी डाव्या हाताचं बोट प्याद्यावर ठेवलं.

हात आपोआप मागे यायला लागला. एकोणसाठ वर्षांनीसुद्धा. मी तो आणला नाही. प्यादं एक घर पुढे सरकवलं आणि तुझ्या फोटोकडे बघून म्हणाले, "मात."

आवाज जरा मोठा निघाला. शेजारच्या बाईंनी दार उघडून पाहिलं म्हणे.

"आता त्यांचा किंग पाड ना, आजी," इरा म्हणाली.

"नाही," मी म्हणाले. "ते माझं काम नाही."

आज चार दिवस झाले, पट तसाच आहे. कामवालीला सांगितलंय, फडकं भोवतीने फिरव, मधे हात लावू नकोस. ती विचारते, "कब तक, मम्मीजी?" मी तिला काय सांगू?

माझी अर्धी रीत मी मोडली. तुझी अर्धी अजून बाकी आहे. सकाळी चहा घेताना बघते, दादा. राजा उभाच असतो.